वाचकांचे प्रश्न : मोफत मराठी कादंबऱ्या नेमक्या कोणत्या आणि कुठे?

डिजिटल वाचनासंबंधी आलेल्या पत्रांपैकी बहुतेक पत्रांचा रोख एकाच गोष्टीकडे आहे. मराठी कादंबरी पैसे न मोजता, पण कुणाचा हक्कही न मोडता, पडद्यावर वाचता येते का? येते, आणि लोकांना वाटते त्यापेक्षा पुष्कळ जास्त वाचता येते. मात्र ‘मिळते’ आणि ‘मोफत आहे’ या दोन गोष्टी एक नव्हेत. या अंकातील उत्तरांचा बराचसा भाग हा फरक स्पष्ट करण्यात गेला आहे.

प्रश्न : मी मराठीची निवृत्त शिक्षिका आहे. हरिभाऊ आपटे, नाथमाधव, वामन मल्हार जोशी यांच्या कादंबऱ्या पुन्हा वाचाव्यात असे फार दिवस मनात आहे, पण दुकानांत त्या मिळत नाहीत आणि गावातल्या वाचनालयातील प्रतींची पाने हात लावताच तुटतात. मुलाने टॅब्लेट घेऊन दिला आहे. कुठे शोधावे, आणि त्यातले खरोखर मोफत काय असते? (एक वाचक, मिरज)

उत्तर : बाई, आपण घेतलेली तिन्ही नावे कायद्याच्या दृष्टीने पूर्णपणे मोकळी आहेत. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार लेखकाच्या हयातीत, आणि त्याच्या निधनानंतर येणाऱ्या १ जानेवारीपासून पुढे ६० वर्षे, पुस्तकाचा स्वामित्वहक्क लेखकाचा व त्याच्या वारसांचा असतो. ती मुदत सरली की ते पुस्तक कुणीही छापावे, स्कॅन करावे, वाटावे. कुणाची परवानगी लागत नाही. येथे मोजायचे ते लेखकाचे निधनवर्ष, पुस्तकाचे वय नव्हे, आणि बहुतेकांची गल्लत नेमकी येथेच होते. हरिभाऊ १९१९ साली वारले, नाथमाधव १९२८ साली, श्री. व्यं. केतकर १९३७ साली, वामन मल्हार १९४३ साली, काशीबाई कानिटकर १९४८ साली आणि साने गुरुजी १९५० साली. या सर्वांच्या कादंबऱ्या आज मुक्त आहेत. त्याही मागे जायचे असेल तर बाबा पदमनजींचे १८५७ चे ‘यमुनापर्यटन’ आणि रा. भि. गुंजीकरांचे १८७१ चे ‘मोचनगड’ आहेच. यात बा. सी. मर्ढेकरांचेही नाव मी आवर्जून घालतो. ते १९५६ साली गेले, म्हणजे १ जानेवारी २०१७ पासून त्यांचे लेखन मुक्त झाले. त्यांच्या कविता आपण वर्गात शिकवल्या असतील; ‘रात्रीचा दिवस’, ‘तांबडी माती’ आणि ‘पाणी’ या तीन कादंबऱ्या मात्र वर्गापर्यंत क्वचितच पोहोचतात.

आता कुठे शोधावे ते पाहू. मी स्वतः आधी मराठी विकिस्रोत उघडतो. तेथे स्वयंसेवक जुन्या पुस्तकाचे स्कॅन केलेले पान एका बाजूला आणि टंकलिखित मजकूर दुसऱ्या बाजूला ठेवून ओळीगणिक मुद्रितशोधन करतात. प्रत्येक पानाला त्याच्या अवस्थेनुसार रंग असतो. लाल म्हणजे अजून तपासलेले नाही, पिवळे म्हणजे एकाने तपासले, हिरवे म्हणजे दुसऱ्या व्यक्तीने पुन्हा पडताळले. एखादी कादंबरी वाचायला घेण्यापूर्वी तिची अनुक्रमणिका उघडून हे रंग पाहावेत. सगळीकडे लाल दिसत असेल, तर तो मजकूर यंत्राने वाचलेला कच्चा मजकूर आहे असे समजून थेट स्कॅनच वाचलेले बरे. पिवळी-हिरवी पाने असतील तर ते पुस्तक ईपब या ई-पुस्तकाच्या स्वरूपात उतरवून घेता येते आणि टॅब्लेटवर अक्षर हवे तेवढे मोठे करता येते.

विकिस्रोतावर जे नसेल ते इंटरनेट आर्काइव्ह या मोफत डिजिटल ग्रंथालयात सापडण्याची शक्यता चांगली असते. ‘डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया’ या प्रकल्पात देशभरातील ग्रंथालयांमधली पुस्तके स्कॅन झाली, आणि त्यांतील मराठी पुस्तकांचा मोठा साठा आता तेथे आहे. अडचण शोधण्याची आहे. या पुस्तकांची नावे रोमन लिपीत आणि नोंद करणाऱ्याच्या मर्जीप्रमाणे लिहिलेली असतात, त्यामुळे एकच ‘उषःकाल’ तीन वेगवेगळ्या वर्तनींत दडलेला सापडतो. पुस्तकाचे नाव लागले नाही तर लेखकाचे आडनाव घालावे, तेही लागले नाही तर आडनावाची वर्तनी बदलून पाहावी, आणि शोधाच्या गाळणीत भाषा म्हणून मराठी निवडावी. एक सावधगिरी मात्र हवी. ‘आपटे’ शोधले की ह. ना. आपटे आणि ना. ह. आपटे असे दोघेही समोर येतात. पहिले हरिभाऊ. दुसरे नारायण हरी आपटे, ज्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर प्रभात कंपनीने ‘कुंकू’ हा चित्रपट काढला. ते १९७१ साली वारले, म्हणून त्यांचे लेखन १ जानेवारी २०३२ रोजी मुक्त होईल. नोंदींत या दोघांची सर्रास सरमिसळ झालेली दिसते, तेव्हा मुखपृष्ठापाठचे पान उघडून खात्री करावी.

याखेरीज महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या संकेतस्थळावर मंडळाची कित्येक प्रकाशने पीडीएफ स्वरूपात मोफत ठेवलेली आहेत. त्यांत कादंबऱ्या कमी आणि चरित्रे, अनुवाद, संपादित ग्रंथ अधिक आहेत, तरी एकदा यादीवरून नजर फिरवावी. ई-साहित्य प्रतिष्ठानाची गोष्ट वेगळी आहे. तेथील बहुतेक पुस्तके आजच्या लेखकांनी आपखुशीने वाचकांना दिलेली आहेत. ‘प्रतिलिपी’ या संकेतस्थळावर क्रमशः येणाऱ्या कादंबऱ्यांचाही वाचकवर्ग मोठा आहे, दर्जा कमीजास्त असतो, पण हरिभाऊंनीही ‘पण लक्षात कोण घेतो?’ आधी ‘करमणूक’ साप्ताहिकातून आठवड्या-आठवड्यानेच वाचकांपुढे ठेवली होती, हे विसरायला नको.

प्रश्न : आमच्या सोसायटीच्या वाचनगटात रोज एका मराठी कादंबरीची पीडीएफ येते. आजवर खांडेकर, फडके, बाबूराव अर्नाळकर, विभावरी शिरूरकर असे बरेच काही जमले आहे. मी शंका काढली तेव्हा गटप्रमुख म्हणाले, “ही पुस्तके ५० वर्षांपेक्षा जुनी आहेत, शिवाय आपण कुठे पैसे घेतोय?” त्यांचे म्हणणे बरोबर आहे का? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : दोन्ही मुद्दे बरोबर नाहीत. पुस्तक जुने असणे पुरेसे नाही हे वर आलेच आहे, आता त्याच हिशेबात ही नावे बसवून पाहा. वि. स. खांडेकर सप्टेंबर १९७६ मध्ये वारले, म्हणजे त्यांचे लेखन १ जानेवारी २०३७ रोजी मुक्त होईल. ना. सी. फडके १९७८ साली गेले, त्यांच्या कादंबऱ्यांसाठी २०३९ उजाडावे लागेल. अर्नाळकरांच्या रहस्यकथांची पाने पिवळी पडून चुरा होऊ लागली असली तरी ते स्वतः १९९६ पर्यंत हयात होते, त्यामुळे त्यांच्या पुस्तकांवरील हक्क २०५६ च्या अखेरपर्यंत चालेल. विभावरी शिरूरकरांचे उदाहरण तर सर्वांत बोलके आहे. ‘हिंदोळ्यावर’ ही १९३४ ची कादंबरी. तिला ९० वर्षे उलटून गेली म्हणून ती मोकळी झाली असेल असे कुणालाही वाटेल. टोपणनावाने लिहिलेल्या पुस्तकाची मुदत प्रकाशनापासून मोजतात हेही खरे आहे. पण लेखकाची ओळख उघड झाली की ती सवलत संपते. विभावरी शिरूरकर म्हणजे मालती बेडेकर ही ओळख त्यांच्या हयातीतच साऱ्या महाराष्ट्राला झाली होती आणि त्या २००१ साली निवर्तल्या, म्हणून ‘हिंदोळ्यावर’ २०६२ पर्यंत मुक्त होत नाही.

पैसे न घेण्याच्या मुद्द्याबद्दल थोडे अधिक सांगायला हवे. स्वतःच्या खाजगी वापरासाठी किंवा अभ्यासासाठी पुस्तकाचा वाजवी वापर करण्याची मुभा कायदा देतो. परंतु दोनशे सदस्यांच्या गटात संपूर्ण कादंबरी टाकणे याला खाजगी वापर म्हणता येणार नाही. हेतुपुरस्सर हक्कभंगासाठी कायद्यात सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि ५० हजारांपासून दोन लाख रुपयांपर्यंत दंड सांगितलेला आहे. नफ्यासाठी कृत्य केलेले नसेल तर न्यायालय किमान शिक्षेहून कमी शिक्षा देऊ शकते. म्हणजे ‘पैसे घेतले नाहीत’ या कारणाने शिक्षा सौम्य होऊ शकेल, कृत्य वैध ठरत नाही. सोसायटीच्या गटावर पोलीस येतील असे मी म्हणत नाही. पण मराठी कादंबरीची आवृत्ती बहुधा हजाराच्या आसपास प्रतींची असते, आणि ती खपायला कधी कधी वर्षे लागतात, हे प्रकाशनव्यवसायाशी थोडासा संबंध आलेल्या कुणालाही ठाऊक असते. हयात लेखकाची नवी कादंबरी बाजारात येऊन महिना होत नाही तोच तिची पीडीएफ गटागटांतून फिरू लागावी, याचे समर्थन मला तरी करता येत नाही.

आपल्या गटप्रमुखांना एक तोडगा सुचवा. पीडीएफऐवजी मुक्त कादंबरीचा दुवा टाकावा, आणि दरवर्षी १ जानेवारीला कोणते लेखक मोकळे झाले याची नोंद द्यावी. १९६४ साली निवर्तलेले मामा वरेरकर २०२५ च्या आरंभी मुक्त झाले. १९६६ साली वारलेल्या सावरकरांच्या ‘काळे पाणी’साठी तारीख १ जानेवारी २०२७ आहे, आणि अण्णा भाऊ साठे १९६९ साली गेले, म्हणून ‘फकिरा’ २०३० च्या पहिल्या दिवशी सर्वांची होईल. निधनवर्षे पडताळण्यासाठी मराठी विश्वकोश आंतरजालावर मोफत आहे.

प्रश्न : शरच्चंद्र चट्टोपाध्याय १९३८ साली वारले. मग त्यांच्या कादंबऱ्यांचे मराठी अनुवादही मुक्त समजावेत का? (एक वाचक, नागपूर)

उत्तर : नाही. अनुवादावर अनुवादकाचा स्वतंत्र हक्क असतो, म्हणून दोन्ही निधनवर्षे पाहावी लागतात. वरेरकरांनी केलेले शरच्चंद्रांचे अनुवाद आज मुक्त आहेत, कारण मूळ लेखक आणि अनुवादक या दोघांचीही मुदत संपली आहे. त्याच कादंबरीचा १९८० नंतर कुणी नवा अनुवाद केला असेल तर तो मुक्त नाही. जुन्या कादंबरीच्या नव्या आवृत्तीला जोडलेली प्रस्तावना, टिपा आणि मुखपृष्ठ यांनाही हेच लागू आहे.

प्रश्न : मी पीएच.डी.साठी एकोणिसाव्या शतकातील कादंबऱ्यांतील विधवांच्या चित्रणाचा अभ्यास करते आहे. स्कॅन केलेल्या पीडीएफमध्ये शब्द शोधला की काहीच सापडत नाही, आणि तोच शब्द डोळ्यांना मात्र पानावर स्पष्ट दिसतो. काही नव्या पीडीएफमधून मजकूर उचलला तर भलतीच रोमन अक्षरे उमटतात. यावर उपाय काय? (एक संशोधक विद्यार्थिनी, नांदेड)

उत्तर : आपल्याला भेडसावणाऱ्या अडचणी खरे तर तीन आहेत, आणि तिन्हींची कारणे वेगवेगळी आहेत.

पहिली अडचण स्कॅनची. अशी पीडीएफ म्हणजे पानांची छायाचित्रे असतात. त्यांत अक्षरे नसतातच, तेव्हा यंत्राने शोधायचे तरी काय? त्यासाठी पान ओसीआरमधून, म्हणजे चित्रातली अक्षरे ओळखून त्यांचा मजकूर करणाऱ्या तंत्रातून, काढावे लागते. गुगल ड्राइव्हमध्ये पानाची प्रतिमा चढवून ती डॉक्स म्हणून उघडली की मराठी मजकूर मिळतो, आणि टेसरॅक्ट ही मोफत प्रणालीही मराठी वाचते. स्वच्छ छपाईवर दोन्हींचे काम बरे होते. शिळाछापावर किंवा झिजलेल्या खिळ्यांच्या छपाईवर मात्र ‘घ’चा ‘ध’ होतो, ‘भ’चा ‘म’ होतो, ‘थ’ आणि ‘य’ एकमेकांच्या जागा घेतात, आणि शिरोरेघ मध्येच तुटली असेल तर एका शब्दाचे दोन तुकडे पडतात. म्हणून ओसीआरवर विसंबून ‘अमुक शब्द या कादंबरीत इतक्या वेळा आला’ असे प्रबंधात लिहू नये. तो मजकूर जागा शोधण्यापुरता वापरावा, आणि उद्धृत करताना मूळ पान उघडूनच उतरवून घ्यावे.

दुसरी अडचण आपल्या पत्रात नाही, पण ती आपल्याला जास्त छळणार आहे. आज आपण ज्या शुद्धलेखनाने लिहितो त्याचे नियम साहित्य महामंडळाने १९६२ साली ठरवले. त्यापूर्वीच्या पुस्तकांत अनुच्चारित अनुस्वार जागोजाग आहेत. ‘नाव’ हा शब्द तेथे ‘नांव’ असा आहे, ‘घरात’ हा ‘घरांत’ असा, ‘मी’ हाही ‘मीं’ असा. क्रियापदांच्या रूपांतही हे टिंब येते. आपण ‘केशवपन’ शोधाल तेव्हा ते सापडेल, पण ‘घरात’ शोधाल तर शेकडो ‘घरांत’ निसटून जातील. त्यातच काळ्या-पांढऱ्या स्कॅनमध्ये हे टिंब कधी पुसले जाते, तर कधी कागदावरचा डागच अनुस्वार बनून बसतो. यावर सरळ उपाय असा की शोधण्याच्या शब्दाची जुनी आणि नवी अशी दोन्ही रूपे आधीच लिहून काढावीत आणि दोन्ही स्वतंत्रपणे शोधावीत. थोडे संगणकज्ञान असेल तर मजकुराची एक प्रत करून तिच्यातले सगळे अनुस्वार काढून टाकावेत, शोधाचा शब्दही अनुस्वाराविना घालावा, आणि सापडलेल्या जागा मूळ प्रतीत पाहाव्यात. विकिस्रोतावर जुनी वर्तनी जशीच्या तशी ठेवण्याचा प्रघात आहे आणि आपल्या कामासाठी तो सोयीचाच आहे. काही मोफत संकेतस्थळांवर मात्र जुना मजकूर कुणालाही न सांगता आजच्या वर्तनीत बदललेला असतो. वाचनाला तो चालेल, प्रबंधाला चालणार नाही.

तिसरी अडचण रोमन अक्षरांची. युनिकोड ही सर्व लिप्यांसाठीची समान संगणकीय संकेतपद्धती रुळण्यापूर्वी मराठी पुस्तके श्रीलिपी, कृतिदेव यांसारख्या फॉन्टांत जुळवली जात, आणि कित्येक छापखान्यांत अजूनही जुळवली जातात. त्या पद्धतीत संगणकाच्या लेखी साठवलेले असते ते रोमन अक्षरच, फक्त त्याच्यावर देवनागरीचा आकार चढवलेला असतो. पीडीएफ पाहताना तो आकार दिसतो, मजकूर उचलला की मूळ अक्षर उघडे पडते. कोणता फॉन्ट आहे हे पीडीएफच्या गुणधर्मांत पाहावे आणि त्या फॉन्टासाठीचा परिवर्तक वापरून मजकूर युनिकोडमध्ये आणावा. फॉन्ट ओळखू आला नाही तर पानाचे चित्र करून ओसीआर करणे हाच सोपा मार्ग उरतो.

प्रश्न : मोबाइलवर कादंबरी वाचताना पान सारखे डावी-उजवीकडे सरकवावे लागते. मोठा फोन घ्यावा का? (एक वाचक, जालना)

उत्तर : फोन बदलण्याआधी फाइल बदलून पाहा. पीडीएफचे पान छापील पानासारखे बांधलेले असते, ते पडद्याप्रमाणे आकसत नाही. ईपबमधला मजकूर पडद्याच्या रुंदीप्रमाणे आपोआप वाहतो. ज्या कादंबरीची फक्त स्कॅनच मिळते, तिच्यासाठी फोन आडवा धरून कडेचे समास कापून टाकणारे वाचक-अॅप वापरावे. एवढे करून भागले नाही तर टॅब्लेट घ्या.

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीतील काही मराठी कुटुंबे महिन्यातून एकदा मुलांना ‘श्यामची आई’ वाचून दाखवतो. भारतात हे पुस्तक मुक्त आहे म्हणून त्याचा संपूर्ण मजकूर आमच्या मंडळाच्या संकेतस्थळावर ठेवायचा विचार आहे. हरकत नसावी ना? (एक वाचक, अमेरिका)

उत्तर : वाचून दाखवायला आमची ना नाही, पण संकेतस्थळावर ठेवण्याआधी थांबावे. पुस्तक ज्या देशात ठेवले जाते त्या देशाचा कायदा पाहावा लागतो. साने गुरुजींचे लेखन भारतात १ जानेवारी २०११ पासून मुक्त आहे. अमेरिकेने मात्र १ जानेवारी १९९६ रोजी परदेशी पुस्तकांचे हक्क पुन्हा मान्य केले, आणि त्या दिवशी जी पुस्तके मायदेशी हक्काखाली होती त्यांना प्रकाशनापासून ९५ वर्षांची मुदत दिली. ‘श्यामची आई’ १९३५ ची, म्हणून अमेरिकेत तिची मुदत २०३० अखेर संपते. सोपी कसोटी सांगायची तर जे मराठी लेखक १९३५ साली किंवा त्यापूर्वी निवर्तले, त्यांच्या हयातीत प्रसिद्ध झालेल्या कादंबऱ्या दोन्ही देशांत मुक्त आहेत. हरिभाऊ, नाथमाधव, बाबा पदमनजी, गुंजीकर हे सगळे त्यात आले. मुलांसाठी म्हणाल तर हरिभाऊंची ‘गड आला पण सिंह गेला’ आपण निर्धास्तपणे ठेवू शकता. भाषा त्यांना जड जाईल. तानाजीची गोष्ट ठाऊक असेल तर ती अडचण निम्मी होते.

प्रश्न : माझ्या सासूबाईंची दृष्टी मधुमेहाने जवळजवळ गेली आहे. त्यांना कादंबऱ्यांचे अतोनात वेड. विकतची श्राव्य पुस्तके ऐकून झाली. मोफत पुस्तके फोनने वाचून दाखवावीत अशी काही सोय आहे का? (एक वाचक, बेळगाव)

उत्तर : आहे, आणि त्यांच्यासाठी कायदाही उदार आहे. २०१२ च्या दुरुस्तीने अपंग व्यक्तींसाठी पुस्तक सुगम स्वरूपात आणण्याला हक्कभंगातून वगळले आहे. २०१६ साली सुरू झालेल्या ‘सुगम्य पुस्तकालय’ या आंतरजालीय ग्रंथालयात अंध व अल्पदृष्टी सभासदांना अशी पुस्तके मोफत मिळतात, त्यांत हक्काखालची पुस्तकेही असतात. सभासद होण्यासाठी अपंगत्वाचे प्रमाणपत्र लागेल. डोळ्यांच्या डॉक्टरांकडून त्याची प्रक्रिया आधी सुरू करावी. तोवर अँड्रॉइड फोनच्या सेटिंगमध्ये मजकूर मोठ्याने वाचून दाखवण्याच्या सोयीसाठी मराठी आवाज उतरवून घ्यावा आणि विकिस्रोतावरील ईपब वाचक-अॅपमध्ये उघडून ‘मोठ्याने वाचा’ हा पर्याय द्यावा. स्कॅन केलेली पीडीएफ फोन वाचू शकत नाही, हे लक्षात असू द्या. यंत्राचा आवाज सपाट असतो, आणि जुन्या वर्तनीतले ‘नांव’ तो ‘नांव्’ असे सानुनासिक उच्चारतो. आरंभी चमत्कारिक वाटते, पण संवादांची रेलचेल असलेली कादंबरी निवडली तर कान लवकर सरावतात. ‘पण लक्षात कोण घेतो?’ ही यमूने स्वतःच्या तोंडाने सांगितलेली कहाणी असल्यामुळे ऐकायला विशेष चांगली लागेल.

प्रश्न : आमच्या तालुक्याच्या गावातील सार्वजनिक वाचनालय शंभर वर्षांहून जुने आहे. १९२०-३० च्या काळातील कादंबऱ्यांचे एक कपाट वाळवीपासून कसेबसे वाचले. ही पुस्तके स्कॅन करून सर्वांसाठी मोफत ठेवावीत असा ठराव कार्यकारिणीने केला आहे. मार्गदर्शन करावे. (एक कार्यकर्ता, रत्नागिरी जिल्हा)

उत्तर : या सदराकडे आलेल्या पत्रांत आपले पत्र मला सर्वांत मोलाचे वाटले, कारण मराठीत आज उणीव आहे ती याच कामाची. प्रसिद्ध दहा-बारा कादंबरीकारांचे स्कॅन ठिकठिकाणी आहेत, एकाच पुस्तकाचे चार-चार आहेत. त्या काळी घराघरांत वाचले गेलेले दुय्यम-तिय्यम कादंबरीकार मात्र अशाच एखाद्या कपाटात शेवटच्या प्रतीच्या रूपाने उरले आहेत.

आधी कायदा. ग्रंथालयाकडे पुस्तकाची छापील प्रत असेल तर जतनासाठी तिची डिजिटल प्रत करून ठेवण्याची परवानगी ना-नफा सार्वजनिक ग्रंथालयांना कायद्यातच आहे. म्हणून स्कॅन सगळ्यांचे करावे. आंतरजालावर ठेवताना मात्र पुस्तकांचे दोन ढीग करावे लागतील. ज्यांच्या लेखकाच्या निधनाला ६० वर्षे उलटून गेली ती एका बाजूला, बाकीची दुसऱ्या बाजूला. १९२५ साली पहिली कादंबरी लिहिणारा पंचविशीतला लेखक १९८० पर्यंत सहज जगलेला असू शकतो, तेव्हा पुस्तकाच्या जुनेपणावरून निर्णय घेऊ नये.

स्कॅनचे काम ठेकेदाराकडे सोपवणार असाल तर काही गोष्टी करारात लिहून घ्या. पाने ३०० डीपीआयला (दर इंचाला ३०० ठिपके) आणि रंगीत किंवा करड्या छटेत घ्यावीत. निव्वळ काळ्या-पांढऱ्यात फाइल लहान होते, पण अनुस्वार, नुक्ते आणि रफार त्यात बळी पडतात, आणि एकदा गेलेले टिंब नंतर कुठल्याही तंत्राने परत येत नाही. पुस्तक उलगडून काचेवर दाबू नये. ज्या बांधणीचा गोंद वाळला आहे तिचा कणा पहिल्याच दाबाला मोडतो. व्ही आकाराच्या पाळण्यात ठेवून वरून छायाचित्र घेणे अधिक सुरक्षित. मुखपृष्ठ, मुद्रकाचे पान, किंमत, शेवटच्या जाहिराती यांतले काहीही वगळू देऊ नये. मागच्या पानावरची ‘आमची इतर प्रकाशने’ ही यादी कधी कधी त्या प्रकाशनसंस्थेची एकमेव उरलेली सूची असते.

पाने मोजून घ्यावीत, आणि ती फर्म्यांच्या, म्हणजे एकाच मोठ्या कागदावर छापून घडी घातलेल्या पानांच्या गठ्ठ्यांच्या, हिशेबाने मोजावीत. जुनी पुस्तके बहुधा १६ पानी फर्म्यांत छापली जात, आणि अनेक पुस्तकांत प्रत्येक फर्म्याच्या पहिल्या पानाच्या तळाशी फर्म्याचा क्रमांक असतो. पृष्ठ ११२ वर सातवा फर्मा संपतो. पुढे एकदम १२९ आले तर आठवा फर्मा अख्खा गळाला आहे, आणि ती चूक बांधणाऱ्याची असो वा स्कॅन करणाऱ्याची, तिची नोंद फाइलसोबत गेली पाहिजे. तसे न झाल्यास वाचकाला नायिका एका पानावर माहेरी आणि पुढच्या पानावर तुरुंगात दिसते, आणि तो लेखकाला बोल लावतो.

मुक्त ठरलेली पुस्तके इंटरनेट आर्काइव्हवर चढवावीत, आणि पुस्तकाचे नाव, लेखक, प्रकाशनवर्ष, आवृत्ती, मुद्रणालय व वाचनालयाचे नाव अशी नोंद देवनागरीत आणि रोमनमध्ये अशी दोन्ही प्रकारे भरावी. तेथून विकिस्रोतावर अनुक्रमणिका तयार करता येते, आणि मग जवळच्या महाविद्यालयातील मराठी विभागाच्या विद्यार्थ्यांना मुद्रितशोधनाला बसवता येते. खर्चाची विभागणी करायची झाल्यास आधी आर्काइव्हवर शोधून जी पुस्तके तेथे मुळीच नाहीत ती प्रथम हाती घ्यावीत. ज्या लेखकांचे निधनवर्ष कुठेच सापडत नाही, त्यांची नावे जिल्ह्यातील वृत्तपत्रात छापून वारसांना आवाहन करावे, आणि उत्तर येईपर्यंत ते स्कॅन वाचनालयाच्या संगणकावरच ठेवावेत.